घरकर्ज थकल्यावर दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम मिळेल का?

आपले चार हप्ते थकले आहेत, बँकेची साठ दिवसांची नोटीस आली आहे आणि सांगलीच्या दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम मिळेल का, असे आपण विचारले आहे. तिकडे जाऊ नये. थकलेले कर्ज न्यायालयात न जाता वसूल करण्याचा अधिकार बँकांना देणाऱ्या २००२ च्या सरफेसी कायद्याच्या कलम ३४ ने दिवाणी न्यायालयाला अशा प्रकरणांत मज्जाव केला आहे, आणि तेथे गेलेले दिवस परत मिळत नाहीत.

हे मी थोरल्या भावाच्या घरापायी शिकलो. २०२१ च्या जुलैत कृष्णेचे पाणी आमच्या दुकानात शिरले, माल भिजला आणि घराचे हप्ते थांबले. नोटिशीचे पाकीट वहिनींनी धास्तीने देव्हाऱ्यामागे ठेवून दिले होते. आम्ही ते फोडले तेव्हा साठांपैकी पस्तीस दिवस उलटले होते. तरीही आम्ही लेखी हरकत दिली. भरलेले दोन हप्ते बँकेच्या हिशेबात जमा दिसत नव्हते, म्हणून पासबुकातील त्या नोंदींवर खूण करून छायाप्रती जोडल्या आणि पोच घेतली. हरकतीला १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणे बँकेवर बंधनकारक असते, त्यामुळे रकमेची दुरुस्ती झाली आणि बोलणीही सुरू झाली. आपणही हे पत्र याच आठवड्यात द्यावे.

साठ दिवसांनंतर बँकेने ताब्याची कारवाई केली, तर ४५ दिवसांच्या आत पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात कलम १७ खाली अर्ज करता येतो. खरा दिलासा तेथेच आहे. पूर्वी या अर्जासाठी मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागे. ती अट सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात रद्द केली. मात्र स्थगिती देताना न्यायाधिकरण काही रक्कम भरायला सांगू शकते, तेव्हा हाताशी थोडे पैसे ठेवावेत. थेट उच्च न्यायालयात रिट दाखल केल्यास हा मार्ग उपलब्ध असल्याचे सांगून बहुधा परत पाठवले जाते.

कर्ज सहकारी बँकेचे असले तरी हाच कायदा लागू होतो. मुरगूडच्या सहकारी बँकेच्या खटल्यात २०२० साली पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते स्पष्ट केले आहे. पतसंस्थेची वसुली मात्र सहकार कायद्याच्या कलम १०१ खालील वसुली दाखल्यावर चालते, तिचा मार्ग वेगळा.

एक तारीख विशेष जपावी. संपूर्ण थकबाकी खर्चासह भरून घर सोडवण्याचा हक्क २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच राहतो; लिलावाच्या दिवशी पैसे घेऊन धावत जाण्यात अर्थ नसतो.

वकिलाचा खर्च झेपत नसेल आणि घर पत्नीच्याही नावावर असेल, तर त्यांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जाताना नोटीस, पाकीट आणि खातेउतारा सोबत न्यावा.