जहांगीरमधलं समोवार अजून आहे का?

नाशिकहून मुलांना घेऊन जहांगीर आर्ट गॅलरी बघायला निघालाय, तिथलं समोवार हे छोटं रेस्टॉरंट अजून चालू आहे का आणि त्याचं एवढं कौतुक कशाला, असं तुम्ही विचारलंय.

चालू नाही. मार्च २०१५ मध्ये बंद झालं. जागा गॅलरीची, वाद बरीच वर्षं चालला आणि शेवटी ती गॅलरीकडे परत गेली. पुढच्याच वर्षी शेजारचं ऱ्हिदम हाऊस हे गाण्यांच्या रेकॉर्डचं दुकानही बंद झालं. मुंबईतला हा काळा घोडा परिसर आता चकाचक झालाय; मला तरी तो पूर्वीचाच बरा वाटायचा.

जहांगीर १९५२ ची, समोवार १९६४ चं. उषा खन्नांनी ते सुरू केलं. जागा म्हणजे गॅलरीला लागून असलेला चिंचोळा व्हरांडा, रेल्वेच्या डब्यासारखा लांबलचक, आणि बाजूला म्युझियमची हिरवळ. पुदिन्याचा चहा, खिमा पराठा, दहीवडा, पेरूचं सरबत. चित्रकार हुसेन यायचे, सिनेमावाले श्याम बेनेगल यायचे, ही नावं तुम्हाला कुठेही वाचायला मिळतील.

पण अड्डा जमला तो मोठ्या नावांमुळे नाही, असं माझं मत. जहांगीरमध्ये चित्रकार आठवडाभरासाठी हॉल भाड्याने घेतो आणि दिवसभर स्वतःच्या चित्रांपाशी बसून राहतो. नाशिक, कोल्हापूर, कुठून कुठून आलेला असतो, ओळखीचं कुणी नसतं. मग जेवायला, समीक्षकाला गाठायला, गिऱ्हाइकाशी बोलायला जायचं कुठे? चार पावलांवर समोवार. एका चहावर तासभर बसलं तरी कुणी बिल आणून आपटत नसे. समोरच्या एल्फिन्स्टन कॉलेजची पोरंही त्यातच घुसलेली. शेजारच्या टेबलावर कुणीतरी पेपर नॅपकिनवर पेनाने समोरच्याचं नाक काढतोय, आणि त्या समोरच्याला पत्ताच नाही, असले प्रकार सर्रास.

कवींचा अड्डा मात्र जवळच्याच वेसाइड इन या रेस्टॉरंटमध्ये होता. अरुण कोलटकर दर गुरुवारी तिथे मित्रांसोबत बसायचे आणि खिडकीतून चौक न्याहाळायचे. त्यांच्या ‘काळा घोडा पोएम्स’ (२००४) त्याच चौकावरच्या. आता तेही नाही.

मुलांना न्यायचंच तर पंचवटी एक्सप्रेसने निघा आणि शक्यतो मंगळवार गाठा. प्रदर्शनं मंगळवारी लागतात, चित्रकार ताजेतवाने असतात, पोरांच्या प्रश्नांना हौसेने उत्तरं देतात. सोमवारी गेलात तर ते गाशा गुंडाळण्याच्या गडबडीत सापडतील.