फ्रेंच लेखक आणि राष्ट्रवादी राजकारणी मोरीस बारेसला जवळून ओळखणाऱ्यांच्या आठवणी वाचून त्याच्याबद्दल मत बनवावं का?

वाचा, जरूर वाचा. पण त्या आठवणींतलं ‘माणूस म्हणून फार चांगला होता’ हे वाक्य आलं की मला अजून संताप येतो.

पुण्यात फ्रेंच शिकत होते तेव्हा वर्गात बारेसवर दहा मिनिटं बोलायचं होतं. मी सुरुवातच त्याच्या त्या वाक्याने केली: ड्रेफस देशद्रोह करू शकतो, हे मी त्याच्या वंशावरून ठरवतो. ड्रेफस म्हणजे हेरगिरीच्या खोट्या आरोपाखाली शिक्षा झालेला फ्रेंच सैन्यातला ज्यू अधिकारी. सरांनी तिथेच थांबवलं. म्हणाले, १९१४ मध्ये समाजवादी नेता जोरेसचा खून झाला तेव्हा त्याचा कट्टर विरोधक असलेला हाच बारेस त्याच्या अंत्यदर्शनाला घरी गेला होता. ओळखणाऱ्यांना विचार, तू नुसती पुस्तकातून बोलतेस. वर्ग गप्प. मला उत्तर सुचलं नाही, खाली बसले. उरलेली आठ मिनिटं सर बारेसच्या भाषेच्या सौंदर्यावर बोलले.

उत्तर मिळालं महिन्याभराने, लेओं ब्लुमच्या आठवणींत. पुढे फ्रान्सचा पंतप्रधान झालेला हा ज्यू माणूस १८९७ च्या हिवाळ्यात अवघा पंचवीस वर्षांचा होता, बारेस पस्तिशीचा. त्या पिढीतल्या तरुणांचं दैवतच. ब्लुमवर त्याची थोरल्या भावासारखी माया. ड्रेफस तेव्हा डेव्हिल्स आयलंड या दूरच्या बेटावर कैदेत होता. त्याच्या खटल्याचा फेरविचार व्हावा या मागणीवर बारेसची सही मिळणारच, अशा खात्रीने ब्लुम त्याच्या घरी गेला. बारेस प्रेमाने बोलला, विचार करायला वेळ मागितला आणि नंतर पत्राने नकार कळवला. शंका असेल तिथे मी राष्ट्राच्या अंतःप्रेरणेची बाजू घेतो, असा त्याचा सूर.

हे ब्लुमने १९३५ मध्ये लिहिलं, बारेस जाऊन बारा वर्षं झाली होती. जिव्हाळा नाकारला नाही, नकारही लपवला नाही. सर, हासुद्धा ओळखणाराच होता! चांगुलपणा होताच, पण तो घरात बसून चहा पिणाऱ्यांच्या वाट्याला आला. बेटावरच्या माणसाच्या वाट्याला आलं ते वंशाबद्दलचं वाक्य. म्हणून ज्याने त्या मैत्रीत काही गमावलं, त्याची साक्ष मी आधी धरते.

एक मात्र सांगायला हवं. १९१७ च्या पुस्तकात बारेसने ज्यूंनाही फ्रान्सच्या ‘आध्यात्मिक कुटुंबां’त, म्हणजे देश घडवणाऱ्या श्रद्धा-विचारांच्या समूहांत, जागा दिली. मरणाऱ्या कॅथलिक सैनिकापुढे क्रूस धरणारे रब्बी आब्राहाम ब्लोक यांची हकिकत त्यात आदराने आली आहे. तो बदलला नाही असं म्हणणं खोटं ठरेल. पण ड्रेफस १९०६ मध्येच निर्दोष ठरला होता, आणि ब्लुमने सही मागितली होती त्याच्याही नऊ वर्षं आधी, सहीला किंमत मोजावी लागत होती तेव्हा.