लहानपणी तुम्ही कोणत्या कल्पनेत रमून जायचात?

मला चार बोटं उंच व्हायचं होतं. मोठं नाही, चार बोटं.

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही अंगणात किल्ला करायचो. विटा-दगड रचायचे, वर पोतं टाकायचं, त्यावर चिखल थापायचा. अळीव पेरले की तीन-चार दिवसांत डोंगर हिरवा. मग मातीचे मावळे, सिंहासनावर महाराज. हे सगळेच करतात. मी मात्र किल्ला झाला की त्याच्यापुढे पालथा पडायचो, हनुवटी जमिनीला टेकवून. तसं पाहिलं की अंगण नाहीसं व्हायचं, अळिवाचं रान व्हायचं आणि मी त्यातून गड चढायला लागायचो. आई जेवायला हाका मारून थकायची.

फक्त एक गोष्ट छळायची. मावळा दरवाज्यापेक्षा उंच होता! रात्री दरवाजे बंद व्हायच्या आधी हा आत शिरणार कसा? मला खरंच झोप लागायची नाही. चौथीत होतो, शाळेत शिवरायांचा इतिहास चालू होता, त्या वर्षी दादाशी भांडून मी दरवाजा मोडला आणि मावळ्याच्या मापाने पुन्हा बांधला. दरवाजा वाढला म्हणून तट वाढला, तट वाढला म्हणून डोंगर. शेवटी किल्ला तुळशी वृंदावनाला जाऊन भिडला. आजीने त्या दिवाळीत रांगोळी मुकाट्याने उंबऱ्यापाशी काढली. (हल्ली प्लास्टरचे तयार किल्ले मिळतात. मुलांना ते आणून देऊ नका, ही कळकळीची विनंती.)

आमचा किल्ला बहुतेकदा राजगडच असायचा, कारण त्याच्या तीन माच्या करायला मजा यायची: पद्मावती, सुवेळा, संजीवनी. रायगडाच्या आधी स्वराज्याची राजधानी इथे होती. कॉलेजात असताना पहिल्यांदा खरा राजगड चढलो. संजीवनी माचीला चिलखती बुरूज आहेत, म्हणजे बुरुजाबाहेर आणखी एक तट आणि दोन्हींच्या मधे बोळ. आत उतरायला अरुंद पायऱ्या आणि दरवाजा इतका ठेंगणा, की मला वाकावं लागलं. बाहेर रणरणतं ऊन होतं, आत गार दगड आणि अंधार. सोबतचे मित्र पुढे गेले. मी मात्र तिथेच बसून राहिलो. अंगणात पालथा पडायचो तेव्हा आमच्या दरवाज्याच्या आत, पोत्याच्या घडीमागे, अगदी असाच अंधार दिसायचा.