निकाल रद्द झाला, मग केस परत खाली कशाला?

प्रश्न: गिरगावात चाळीत आमची पागडीची खोली आहे, वडलांच्या नावावर. मालकाने स्वतःला जागा लागते म्हणून धोबीतलावच्या स्मॉल कॉजेस कोर्टात दावा लावला, जिंकला. आम्ही अपिलात गेलो, तिथल्या दोन जजच्या बेंचने निकाल रद्द केला पण 'जास्त हाल कोणाचे' हा मुद्दा ठरवलाच नाही म्हणून केस खाली पाठवली. वकील म्हणतात रिमांड झालं. वडील 78 चे आहेत, परत सगळं पहिल्यापासून का? आणि मधेच मालक बाहेर काढेल का?

उत्तर: रिमांड म्हटलं की आपल्याला पोलीस कोठडीच आठवते, पण इथे अर्थ एवढाच की केस फेरविचारासाठी खाली गेली. निकाल रद्द झाला म्हणजे आज मालकाच्या हातात डिक्रीच, म्हणजे जागा खाली करण्याचा कोर्टाचा हुकूमच नाही, आणि डिक्री नाही तर दरखास्त (ती अंमलात आणायचा अर्ज) लावून ताबा कसला घेणार? वडलांना हे आधी सांगा, त्यांना रात्री झोप लागेल.

आणि नाही हो, पहिल्यापासून नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर 41 रूल 23 बघा, रिमांड झालेला दावा जुन्याच नंबरवर परत चढतो आणि आधीची साक्ष, उलटतपास, भाडेपावत्या हे सगळं पुराव्यात धरलं जातं, अर्थात कायदेशीर हरकती सोडून. आता अपिलाच्या बेंचने दिलेल्या ऑर्डरच्या सर्टिफाइड कॉपीचं शेवटचं पान काढा आणि एकेक शब्द वाचा, कारण फक्त तो एकच मुद्दा ठरवायला सांगितलाय की सगळा दावा नव्याने, नवीन पुराव्याला परवानगी आहे का, हे तिथेच असतं आणि खालच्या कोर्टाला त्याबाहेर जाता येत नाही.

तो मुद्दा तर तुमच्याच कामाचा आहे! महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999, कलम 16(2): मालकाची गरज खरी ठरली तरी डिक्री दिल्याने जास्त हाल होणार असतील तर कोर्ट ती देऊ शकत नाही, कधीकधी जागेच्या काही भागापुरतीच देतं. मालकाची दुसरी जागा कुठे आहे का, वडलांचं औषधपाणी, तुम्हाला गिरगावात दुसरी खोली परवडेल का, पुराव्याला मुभा असेल तर याची कागदपत्रं आत्ताच गोळा करायला घ्या.

माझं मत विचाराल तर पुरावा पुरेसा असेल तिथे अपील कोर्टाने स्वतःच निकाल द्यावा, त्याच ऑर्डर 41 चा रूल 24 त्यासाठीच आहे, किंवा रूल 25 प्रमाणे अपील स्वतःकडे ठेवून खालून फक्त त्या मुद्द्यावरचा निष्कर्ष मागवावा. म्हाताऱ्या माणसाची वर्षं अशी ये-जा करण्यात जातात आणि ती कोणी भरून देत नाही. पण तुम्ही रिमांडविरुद्ध हायकोर्टात जाऊ नका, तुमच्या हातातली संधी लांबेल.

वयाचा दाखला जोडून लवकर सुनावणीचा अर्ज द्या. वडलांची साक्ष परत लागली आणि त्यांना जिने उतरवत नसतील तर ऑर्डर 26 खाली कोर्ट कमिशनर नेमू शकतं, मग साक्ष तुमच्या खोलीतच, त्यांच्या खाटेशेजारी बसून नोंदवतात.