वाचक विचारतात : ललिता पवार आणि त्यांचा डावा डोळा

अभिनेत्री ललिता पवार आमच्याच भागातल्या, असं इथं सगळे सांगतात. खरं आहे का? (वैजापूर)

जवळपास. जन्म येवल्याचा, १८ एप्रिल १९१६. माहेरचं नाव अंबा सगुण. येवला तुमच्या तालुक्याला लागून असलं तरी तेव्हा मध्ये हद्द होती : वैजापूर निजामाकडे, येवला इंग्रजांच्या नाशिक जिल्ह्यात. शेजारीण म्हणा हवं तर.

थप्पड बसली म्हणूनच त्या पडद्यावर खाष्ट सासू झाल्या ना? (परभणी)

अर्धंच खरं. १९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवान यांची, म्हणजे पुढच्या भगवानदादांची, थप्पड जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामं त्यामुळे सुटली, हे मान्य. पण खाष्टपणा डोळ्यातून येत असता, तर ‘श्री ४२०’मधली केळेवाली कुणाला मायाळू वाटलीच नसती. डोळा तोच! ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मधली पुरुषद्वेष्टी सीतादेवीही त्याच वर्षीची, १९५५ची. दोन्हींत त्यांचं वय ३९च्या आसपास. ‘श्री ४२०’तले राज कपूर त्यांच्याहून जेमतेम साडेआठ वर्षांनी लहान, तरी आई शोभल्या.

थप्पडेनंतरची तीन वर्षं त्या घरीच बसून होत्या, असंही सांगतात. पण प्रभातचा ‘रामशास्त्री’ १९४४चा, आणि त्यातली ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई त्यांचीच. थप्पडेचा किस्सा चटकदार आहे, म्हणून कामापेक्षा तोच जास्त सांगितला जातो.

महिला मंडळात त्यांच्यावर तासाभराचा कार्यक्रम आहे. प्रोजेक्टर भाड्याने आणतोय. काय दाखवावं? (लातूर)

चार प्रसंग, प्रत्येकी सहा-सात मिनिटांचे. उरलेला वेळ बोलायला. आधी सीतादेवी, लगेच केळेवाली. दोन्ही पाठोपाठ दाखवा, मध्ये भाषण नको. मग ‘अनाडी’तली मिसेस डिसा : तोंडाने फटकळ, मनाने आई. याच भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. शेवटी ‘प्रोफेसर’ (१९६२). त्यातली कडक पालक म्हाताऱ्याचं सोंग घेतलेल्या नायकावर भाळते. तो आवळलेला चेहरा हळूहळू सैल होताना बघायचा, म्हणून हा प्रसंग मध्येच कापू नका. ‘रामायण’ मालिकेतली मंथरा सगळ्यांनी पाहिलेली आहे, तिच्यावर वेळ घालवू नका.

आता घोळ कुठे होतो ते. पहिला, चित्राची चौकट. हे जुने चित्रपट बहुतेक चारास तीनच्या (रुंदी चार तर उंची तीन) चौकटीतले. प्रोजेक्टर सोळास नऊवर असला की चित्र आडवं ताणलं जातं, चेहरे फुगतात आणि डोळ्याचा बारीक खेळ जातो. सेटिंगमध्ये ‘चारास तीन’ निवडा. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या दिसल्या की समजा बरोबर जमलं. दुसरा घोळ जास्त फसवा : इंटरनेटवर काही जण चित्र आरशासारखं उलटं करून टाकतात. मग बारीक डोळा उजवा दिसतो आणि सभेत वाद सुरू होतो. पडद्यावरच्या दुकानाच्या पाट्या वाचून बघा, अक्षरं उलटी असतील तर दुसरी प्रत शोधा.

प्रसंग आधीच पेनड्राइव्हवर घ्या, नेटच्या भरवशावर राहू नका. लाइट जाणार हे धरूनच चाला आणि प्रोजेक्टर इन्व्हर्टरवर जोडा. दिव्याचा प्रोजेक्टर चालू असताना वीज गेली तर आतला पंखाही थांबतो आणि तापलेला दिवा खराब होतो. भाड्याच्या वस्तूचा भुर्दंड तुमच्यावर येईल. स्पीकर पडद्याशेजारी ठेवा आणि बास (खालचा जाड आवाज) कमी करा, नाहीतर जुने संवाद घुमतात.

जुन्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत नुसतं ‘सुलोचना’ असेल तर कोणत्या समजायच्या? (धाराशिव)

साल बघा. मूकपटांतल्या आणि १९३०च्या दशकातल्या नायिका सुलोचना म्हणजे रूबी मायर्स. त्यांनी पुढे चरित्र भूमिका केल्या, ‘अनारकली’ (१९५३)मधली जोधाबाई त्यांचीच. मराठी चित्रपट असेल, किंवा ‘सुजाता’ (१९५९) आणि ‘जॉनी मेरा नाम’ (१९७०)सारखी हिंदीतली आई असेल, तर त्या आपल्या सुलोचनादीदी, लाटकर. १९५० आणि १९६०च्या दशकांतल्या हिंदी चित्रपटांत दोघीही आहेत, तिथे नावावर जाऊ नका, चेहरा बघूनच ठरवा. आणि नाव पार्श्वगायिकांत असेल, त्यातही लावणी असेल, तर बहुधा तिसऱ्याच : सुलोचना चव्हाण.