'गॉडफादर पार्ट टू'मधला पांढऱ्या सुटातला डॉन फनुची कोण? त्याने आणखी कशात काम केलंय?

त्याचं नाव गास्तोने मोस्किन. Moschin हे स्पेलिंग बघून 'मोशिन' म्हणू नका, इटालियनमध्ये तिथे 'क'च येतो.

जिन्यातला तो प्रसंग परत लावून बघा. दिवा लुकलुकतो, फनुची थांबतो आणि बल्बला टिचकी मारतो. मरायला काही सेकंद उरलेत आणि गडी बल्ब दुरुस्त करतोय! गोळी लागल्यावर कपडे ओढून स्वतःच्याच छातीकडे बघतो, "मला? मला मारलं?" अशा चेहऱ्याने. मला त्या सीनमध्ये त्याला मारणाऱ्या डी नीरोपेक्षा हाच जास्त लक्षात राहिला.

गंमत म्हणजे पडद्यावर सिसिलियन बोलणारा हा माणूस उत्तरेकडचा, वेरोनाजवळचा. जन्म १९२९चा. रोमच्या नाट्य अकादमीत शिकला, मग जेनोवा आणि मिलानच्या नाटक कंपन्यांत घासला गेला. १९६४मध्ये इटलीच्या सरकारी टीव्हीवर ह्युगोच्या कादंबरीवरची 'ले मिझराब्ल' मालिका आली, तिच्यातला नायक ज्याँ वालज्याँ हाच होता. म्हणजे १९७४मध्ये फनुची केला तेव्हा तो तिकडे घराघरांत माहीत होता, नवखा फक्त आपल्यासाठी.

त्याआधी १९७०मध्ये दिग्दर्शक बेर्तोलुचीच्या 'इल कॉनफॉरमिस्ता'त तो फॅसिस्टांचा माणूस मांगानिएल्लो होता. १९७२च्या 'मिलानो कालिब्रो नोवे'मध्ये तर चक्क नायक: तुरुंगातून सुटलेला उगो पियाझा. तीन लाख डॉलर यानेच ढापले असा सगळ्यांना संशय, आणि हा मख्ख. अख्खा सिनेमा त्या मख्खपणावर चालतो.

पण एकच बघणार असाल तर 'आमिची मिएई' (१९७५) बघा. फ्लॉरेन्समधले पाच वाढलेले टवाळ मित्र. गाडी सुटताना खिडकीतून वाकलेल्या प्रवाशांच्या ते फलाटावरून कानाखाली वाजवतात! मोस्किन त्यातला प्रेमात पडायची खोड असलेला आर्किटेक्ट, मेलांद्री. एका सर्जनच्या बायकोवर जीव जडतो, आणि हा भाबडा थेट नवऱ्यासमोर जाऊन कबूल करतो. सर्जन म्हणतो, घेऊन जा. पण मुली, त्यांना सांभाळणारी बाई आणि तो अवाढव्य कुत्राही न्यायचा. त्या कुत्र्याला पोसताना मोस्किनचा चेहरा बघा, आणि मग फनुची आठवा.

उतारवयात 'डॉन मात्तेओ' या इटालियन टीव्ही मालिकेतही दिसला. २०१७मध्ये, ८८व्या वर्षी गेला.