बांधवगडचे जंगली हत्ती राहतात कसे, आणि जिप्सीसमोर आले तर काय बघायचं?

इंदूरहून नर्मदा एक्सप्रेसने उमरियाला उतरून मे महिन्यात मध्य प्रदेशातल्या बांधवगड व्याघ्र प्रकल्पात जाताय, आणि वाघापेक्षा तिथल्या हत्तींचीच धास्ती वाटतेय, असं तुम्ही लिहिलंय. तुमच्या इंदूरच्या नवलखा भागातल्या प्राणिसंग्रहालयातला हत्ती आधी डोळ्यांसमोरून काढा. जंगलातल्या हत्तीचा सगळा दिवस पोटामागे जातो.

पोट मोठं, पण पचन कच्चं. खाल्लेल्यातलं निम्मंही अंगी लागत नाही. म्हणून मोठ्या हत्तीला रोज साधारण १५० किलो चारा आणि १०० लिटरहून जास्त पाणी लागतं. खाण्यात १६-१८ तास जातात, झोपेला उरतात तीन-चार. गवताचा झुबका तो सोंडेने उपटतो, पुढच्या पायावर दोन-तीनदा आपटून मुळांची माती झाडतो, मगच तोंडात घालतो. ही खोड नव्हे. मातीने दाढा झिजतात, आणि जबड्याच्या प्रत्येक बाजूला जन्मभरात सहाच दाढा येतात, एकीमागून एक. शेवटची झिजली की चावणं बंद, म्हणजे उपासमारच.

एवढं खाणं एका जागी मिळत नाही, म्हणून कळप सतत हिंडतो. कळप म्हणजे हत्तिणी आणि पिल्लं. वाट ठरवते ती बहुधा सगळ्यांत वयस्क हत्तीण. नर वयात येताना, दहा-पंधराव्या वर्षाच्या सुमारास, बाहेर पडतो. गर्भारपण १८ ते २२ महिन्यांचं आणि दोन पिल्लांत चार-पाच वर्षांचं अंतर, त्यामुळे मेलेल्यांची जागा भरायला फार काळ लागतो. बांधवगडला हत्ती २०१८मध्ये छत्तीसगडकडून आले आणि राहिले. ऑक्टोबर २०२४च्या शेवटी १३ जणांच्या एका कळपातले १० मेले. विषप्रयोगाची चर्चा झाली, पण तपासणीत सापडलं सायक्लोपियाझोनिक ॲसिड: बुरशी लागलेल्या कोदो या भरड धान्यात तयार होणारं विष. शेतातला उभा कोदो त्यांना वाढलेल्या ताटासारखाच.

आता तुमची जिप्सी. कान पसरून, डोकं वर करून, चीत्कारत येणारा हत्ती पुष्कळदा नुसता दम देत असतो. सोंड आत गुंडाळून, कान मागे दाबून, गुपचूप येणारा जास्त धोक्याचा. पण तिथे बसून ही पारख करत राहू नका. हत्तीची नजर तुमच्यावर खिळली की ड्रायव्हरला गाडी मागे घ्यायला सांगा. हॉर्न नको, फ्लॅश नको, आणि गाडीतून उतरणं तर नकोच: हत्ती ताशी २५ किलोमीटरपर्यंत पळू शकतो आणि झाडीत तुम्हाला तेवढं जमणार नाही. रस्त्याच्या एका बाजूला पिल्लू आणि दुसऱ्या बाजूला आई असेल तर मधून गाडी घालायची नाही, कितीही उशीर झाला तरी. एकट्या नराच्या डोळा आणि कान यांच्या मधून काळपट ओघळ येत असेल आणि मूत्र ठिबकत असेल, तर तो माजावर आहे. त्याचा फोटो राहू द्या.

हत्ती दिसले नाहीत तरी धुळीत गोल ठसा बघा. पुढच्या पायाच्या ठशाचा परीघ दोरीने मोजून दुप्पट केला की खांद्यापर्यंतची उंची जवळपास कळते: सव्वा मीटर परीघ म्हणजे अडीच मीटरचा हत्ती. मोजणी मात्र गाइडवर सोपवा. प्रत्यक्ष बघायचेच असतील तर मे महिन्यात दुपारची फेरी घ्या. हत्तीला घाम जवळजवळ येतच नाही. अंग थंड ठेवायला कानांचे पंखे, पाणी आणि चिखल, एवढंच असतं, म्हणून उन्हात ते पाणवठा सहसा लांब सोडत नाहीत.